राउंड कधी होतो?

"तिथं शिकाऊ पोरं हात साफ करून घेतात, तिथं नको नेऊ." आमच्या आत्याचं हे वाक्य घरातल्या प्रत्येक आजारपणात एकदा तरी ऐकायला मिळतंच. आणि आत्या काही एकटी नाही. अमक्याला मेडिकल कॉलेजच्या दवाखान्यात ठेवलंय असं कळलं की एसटीत, लग्नाच्या मांडवात, पारावर कुणीतरी आवाज खाली आणून विचारतं, "पैशाची अडचण होती का?" म्हणजे तिथं माणूस जायचा तो नाइलाजानंच. पण खाजगीतल्या डॉक्टरनं हात टेकले आणि बिलाचा आकडा शेत विकायच्या गोष्टीपर्यंत गेला, की त्याच पारावरून हुकूम सुटतो: "घाटीला हलवा." घाटी म्हणजे छत्रपती संभाजीनगरचा सरकारी मेडिकल कॉलेजचाच दवाखाना.

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत मास्तर आहे. अर्ज लिहून देणं, आधारकार्डावरचं नाव दुरुस्त करून आणणं आणि आजारी माणसासोबत मोठ्या दवाखान्यात जाणं ही तीन कामं गावात मास्तरकडं न सांगता येतात. सही कुठं करायची आणि केस पेपर कुठल्या खिडकीवर मिळतो हे मास्तरला कळतं, असा गावाचा समज आहे. त्यामुळं मराठवाड्यातल्या सरकारी वैद्यकीय महाविद्यालयांचे व्हरांडे माझ्या चांगले ओळखीचे झालेत. कुठल्या जिन्याखाली पथारी टाकली तर रात्री कुणी उठवत नाही, इथपर्यंत.

औषधीतलं मला काही कळत नाही. शिकवणं कळतं. वर्गात शिकवणं चालू आहे की नुसती हजेरी घेतली जातेय, हे दारावरून जाताना कानाला समजतं. वॉर्डातही समजतं. इतक्या रात्री व्हरांड्यात काढल्यावर माझं मत असं झालंय की या दवाखान्यांची नाडी खाटांच्या संख्येत नाही, मशिनींत नाही, मृत्यूच्या आकड्यात तर नाहीच. ती तिथल्या शिकवण्यात आहे. शिकवणं चालू असेल तर रोगी बऱ्यापैकी सुरक्षित. ते बंद पडलं असेल तर आत्याचं म्हणणं खरं.

आत्याचं अर्धं म्हणणं तर सरळच खरं आहे. शिकाऊ पोरगं शीर शोधताना चुकतं. दोन ठिकाणी टोचतं, हात सुजतो, पोराच्याच कपाळाला घाम येतो, मग सिस्टर येते, त्याला बाजूला सारते आणि एका फटक्यात सलाईन लावते. कुणाच्या तरी हातावर पहिली सुई टोचल्याशिवाय डॉक्टर तयार होत नाही, आणि तो हात मंत्र्याचा नसतो, आमच्यातल्या कुणाचा तरी असतो. हा व्यवहार उघड मान्य करायला हवा. पण शीर चुकणं वेगळं आणि निदान चुकणं वेगळं. अमेरिकेत २०१७ साली एका नामांकित वैद्यकीय नियतकालिकात दोन कोटींहून अधिक वृद्ध रुग्णांच्या भरतीचा अभ्यास छापून आला. भरती झाल्यापासून तीस दिवसांतल्या मृत्यूंचं प्रमाण मोठ्या शिक्षण रुग्णालयांत ८.३ टक्के निघालं, तर जिथं शिकवलंच जात नाही अशा रुग्णालयांत ९.५ टक्के. अमेरिकेचा वॉर्ड आणि आपला वॉर्ड यांची बरोबरी मी करत नाही, तिथं एका खाटेवर एकच माणूस झोपतो. पण शिकाऊ पोरं असली की माणसं जास्त मरतात हे गृहीत निदान तिथं तरी टिकलं नाही.

का टिकलं नसेल, याचं माझ्यापुरतं उत्तर मला एका राउंडमध्ये मिळालं.

आमच्या नानाला, म्हणजे माझ्या चुलतभावाला, हरभऱ्याला पाणी देताना घोणस चावली. शेतपंपाला लाईट रात्रीची, त्यामुळं आमच्याकडं साप चावायची वेळही रात्रीचीच. घोट्याजवळ दोन खुणा आणि पोटरीपर्यंत चढत चाललेली सूज. दवाखान्याचं नाव सांगत नाही, सांगायची गरजही नाही. कॅज्युअल्टीत एका रेसिडेंट, म्हणजे पुढचं शिकता शिकता वॉर्ड सांभाळणाऱ्या डॉक्टर पोरानं नानाचं थोडं रक्त काढलं, काचेच्या छोट्या नळीत घातलं, नळी खिडकीच्या कट्ट्यावर उभी ठेवली आणि दोन विद्यार्थ्यांना बजावलं, "वीस मिनिटं हिला कुणी हात लावायचा नाही." वहिनीला वाटलं, पोरगं नळी विसरून गेलं. मलाही तसंच वाटलं. वीस मिनिटांनी त्यानं परत येऊन नळी हलकेच तिरपी केली. रक्त पाण्यासारखं एका बाजूला वाहत गेलं. गोठलंच नव्हतं. "बघा," एवढंच तो म्हणाला आणि विषावरची इंजेक्शनं सलाईनमध्ये सुरू झाली. मशीन नाही, रिपोर्टसाठी रांग नाही. एक काचेची नळी आणि एक घड्याळ.

सकाळी राउंड आला. पुढं युनिटच्या मॅडम, मागं लेक्चरर, रेसिडेंट, इंटर्न आणि शेवटी नवी विद्यार्थी पोरं, ज्यांचे एप्रन अजून पांढरेशुभ्र असतात. रात्रभर जागलेल्या रेसिडेंटनं केस सांगितली. मॅडमनी विद्यार्थ्यांकडं वळून विचारलं, "नळी काचेचीच का? प्लास्टिकची का चालत नाही?" सगळे गप्प. मागून एक मुलगी बोलली, काचेला लागलं की रक्त गोठायची क्रिया सुरू होते, प्लास्टिकमध्ये ती नीट होत नाही, मग चांगलं रक्तही न गोठलेलं दिसू शकतं. मॅडमनी मान हलवली आणि रेसिडेंटला विचारलं, "रात्रीतून लघवी?"

"झाली, मॅडम."

"किती?"

तो गप्प झाला. कागदावर आकडा नव्हता. मॅडम रागावल्या नाहीत, त्या वहिनीकडं वळल्या. "मावशी, बाटली तुम्हीच रिकामी केली ना? किती होती?" रात्रभरात पहिल्यांदाच कुणीतरी तिला काहीतरी विचारत होतं. तिनं बोटांनी दाखवलं, इतकी. "आणि रंग?" "चहावाणी." मॅडमनी पोरांना जवळ बोलावलं आणि घोणशीचं विष मूत्रपिंडाला कसं धरतं ते तिथंच सांगितलं. पुढं दर तासाला मोजमाप सुरू झालं, रक्ताचे रिपोर्ट दिवसातून दोनदा जाऊ लागले, आणि क्रिएटिनिन, म्हणजे मूत्रपिंड थकल्याचं सांगणारा रक्तातला आकडा, वर चढतंय हे वेळेत कळलं म्हणून डायलिसिसही वेळेत झालं. नाना आज बांधावर उभा राहून लाईनमनला शिव्या देतो.

मॅडम हुशार होत्या हे आहेच. पण मला दिसलं ते असं, की तो प्रश्न विद्यार्थी समोर उभे होते म्हणून मोठ्यानं विचारला गेला. एकटा डॉक्टर एकट्या रोग्याला बघतो तेव्हा "झाली" या उत्तरावर भागून जातं. शिकवायचं म्हटलं की भागत नाही. केस सांगणाऱ्याला प्रत्येक गोष्टीचं कारण द्यावं लागतं आणि ऐकणाऱ्यांतलं कुणीही, अगदी मागच्या रांगेतली पोरगीसुद्धा, "का?" विचारू शकतं. हे औषध का, हा एक्स-रे कशाला, ऑपरेशन आजच का, थांबून चालणार नाही का? युनिटची उतरंड, केस मांडणं, माणूस गेल्यावर सगळ्यांनी बसून घेतलेली मॉर्टॅलिटी मीटिंग, ही सगळी रचना त्या एका "का"साठी आहे.

तो "का" विचारणारं कुणी नसलं की काय होतं, हे आमच्या बीड जिल्ह्यानं देशाला दाखवलंय. २०१९ मध्ये ऊसतोड बायकांच्या गर्भाशयाच्या ऑपरेशनांचा बोभाटा झाला आणि सरकारी सर्वेक्षण झालं. ८२,३०९ बायकांची पाहणी केली, त्यातल्या १३,८६१ जणींची पिशवी काढलेली निघाली. अनेकींची तर चाळिशीच्या आत. अंगावरून जाण्याची, पोटदुखीची तक्रार घेऊन गेलेल्या बाईला "कॅन्सर होईल" म्हणून घाबरवलं गेल्याच्या हकिगती तेव्हा बाहेर आल्या. उचल, म्हणजे आगाऊ पैसे घेतलेले, कोयत्यावर एक दिवसाचाही खाडा परवडत नाही, पाळीच्या दिवसांत फडात आडोसा नाही. बाईनंही हो म्हटलं. यातली बहुतेक ऑपरेशनं खाजगीत झाली होती. विभागप्रमुखासमोर उभं राहून "तिशीतल्या बाईची पिशवी का काढायची" याचं कारण पोरांसमक्ष द्यावं लागलं असतं, तर त्यातली निम्मी तरी टळली असती असं मला वाटतं. निम्मी हा माझा अंदाज. पुरावा म्हणून वापरू नका.

मराठवाड्याला हे दवाखाने उशिरा मिळाले. निजामाच्या राजवटीत मोठ्या आजाराला हैदराबाद होतं, परवडणाऱ्याला. १७ सप्टेंबर १९४८ ला आम्ही भारतात आलो आणि १९५६ साली, मराठवाडा मुंबई राज्यात गेला त्याच वर्षी, औरंगाबादला शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झालं. तीच आजची छत्रपती संभाजीनगरची घाटी. अकराशेवर खाटांचा हा दवाखाना नुसता मराठवाड्याचा राहिलेला नाही. बुलडाणा, जळगाव आणि नगरकडचीही माणसं तिथं येतात. सत्तरच्या दशकाच्या मध्यावर अंबाजोगाईला कॉलेज आलं, स्वामी रामानंद तीर्थांच्या नावाचं. ते नावातच "ग्रामीण" आहे. मोठ्या शहरात न काढता तालुक्याच्या गावी मेडिकल कॉलेज काढायचं, हे त्या काळात धाडसच. नांदेडचं १९८८ चं, आता विष्णुपुरीला आहे. लातूरचं २००२ चं. मग वीस वर्षं काही नाही, आणि २०२२ ते २०२४ या दोन वर्षांत धाराशिव, परभणी, जालना, हिंगोली असा एकदम चौकार. आठही जिल्ह्यांत सरकारी कॉलेज झालं.

आनंदाची गोष्ट आहे. पेढे मीही खाल्ले. आमच्या शाळेतल्या पोरांना डॉक्टर व्हायचं म्हणजे लातूरला क्लास आणि मग नशीब नेईल तिथं कॉलेज, एवढंच माहीत होतं. आता घराजवळ जागा आहेत. पण कॉलेज आलं म्हणजे नेमकं काय आलं? बहुतेक ठिकाणी आधीचंच जिल्हा रुग्णालय आणि स्त्री रुग्णालय सार्वजनिक आरोग्य विभागाकडून वैद्यकीय शिक्षण विभागाच्या हाताखाली गेलं. इमारत तीच, खाटा त्याच, फाटकावरचा वॉचमनही तोच. राष्ट्रीय वैद्यक आयोगाचा नियम सांगतो की १०० जागांच्या कॉलेजला ४२० खाटा हव्यात. त्या मोजून दाखवता येतात. शिकवणारा माणूस मात्र असा वर्ग करून मिळत नाही. एमडी झालेला, दहा वर्षं वॉर्डात मुरलेला, तरीही खाजगीतले पैसे सोडून हिंगोलीत बिऱ्हाड करणारा माणूस कुठून आणायचा? मग करारावर भरती निघते, मुलाखतीला कुणी येत नाही, आणि आयोगाच्या तपासणीच्या तोंडावर जुन्या कॉलेजमधल्या प्राध्यापकांच्या तात्पुरत्या बदल्या होतात. तपासणी झाली की ते परत. याच कारणानं आयोगाला डॉक्टरांची हजेरी आधार जोडलेल्या यंत्रावर घ्यायची पाळी आली. दोनशिक्षकी शाळेला हायस्कूलची पाटी लावली की काय होतं, ते मी आतून बघितलंय. पोरं पास होतात.

आणि दोन खात्यांची गंमत निराळीच. प्राथमिक आरोग्य केंद्र आणि ग्रामीण रुग्णालय एका खात्याचं, कॉलेज दुसऱ्या खात्याचं. केंद्रातून "रेफर" अशी चिठ्ठी मिळते, १०८ येते, बाई अडलेल्या अवस्थेत साठ-सत्तर किलोमीटर जाते. पुढं तिचं काय झालं हे चिठ्ठी लिहिणाऱ्याला कुणी कळवत नाही. कळवलं असतं तर तोही शिकला असता, पुढच्या बाईला दोन तास आधी पाठवली असती. शिकवणं कॉलेजच्या कुंपणाशी थांबतं ते असं. खरं तर देशाच्या आरोग्यव्यवस्थेचा आराखडा मांडणाऱ्या भोर समितीनं १९४६ मध्येच सांगून ठेवलं होतं की डॉक्टर घडवायचा तो समाजाकडं बघणारा हवा. १९७७ मध्ये मेडिकल कॉलेजांनी तीन-तीन प्राथमिक केंद्रं सांभाळावीत अशी योजना आली, कॉलेजांना मोठ्या फिरत्या दवाखान्यांच्या गाड्याही मिळाल्या. हल्ली प्रत्येक विद्यार्थ्यानं खेड्यातली काही कुटुंबं दत्तक घ्यायची असतात. आमच्या गावात येतात पोरं बसनं, आशाताई त्यांना दारोदार फिरवते. वयानं नातवासारखं पोरगं ब्लडप्रेशर मोजायला लागलं की म्हाताऱ्या तोंडाला पदर लावून हसतात, आणि मग सगळा संसार सांगून मोकळ्या होतात. हे चांगलं चाललंय. पोरांना कळतं की गोळी बंद का झाली. विसरून नव्हे, तर दवाखान्यात जायला एक रोज बुडतो म्हणून.

२०२३ चा ऑक्टोबर आठवतोच सगळ्यांना. नांदेडच्या दवाखान्यात चोवीस तासांत २४ मृत्यू झाले, त्यात १२ नवजात बाळं होती. औषधांचा तुटवडा, रिकाम्या जागा, खाटांपेक्षा जास्त रोगी, खाजगीतून शेवटच्या घटकेला पाठवलेली लेकरं, अशी कारणं पुढं आली. उच्च न्यायालयानं स्वतःहून दखल घेतली. पण लोकांच्या लक्षात राहिला तो एका खासदारानं अधिष्ठात्यांना संडास साफ करायला लावल्याचा व्हिडिओ. मला त्या व्हिडिओचा राग येतो. घाण होती, हे खोटं नाही. पण एका कॉलेजच्या प्रमुखाला कॅमेऱ्यासमोर झाडू धरायला लावून ती बाळं का गेली याचं उत्तर मिळत नाही. ते उत्तर प्रत्येक बाळाचा कागद उघडून, कुठल्या गावातून निघालं, वाटेत किती ठिकाणी थांबलं, पोचलं तेव्हा अंग किती गार पडलं होतं, हे एकेक करून विचारण्यात असतं. कॉलेजात त्यासाठी बैठकीची रीत आहेच. पेपरात मात्र आकडा येतो आणि आकड्यावरून दवाखाना बदनाम होतो. जिथं जिल्ह्यातले सगळे हरलेले डाव आणून टाकले जातात तिथं मृत्यू जास्तच दिसणार. प्रश्न एवढाच की त्यातले टाळता येण्यासारखे किती होते.

शिकवणं मरतं कशानं, तेही व्हरांड्यातून दिसतं. रेसिडेंट पोरगं रक्ताच्या नळ्या खिशात घालून स्वतः लॅबकडं पळतंय, कारण वॉर्डबॉयच्या जागा रिकाम्या. स्ट्रेचर नातेवाईकच ढकलतायत. केंद्र सरकारच्या १९९२ च्या निर्देशात निवासी डॉक्टरला आठवड्याला ४८ तास काम असं म्हटलंय, आणि इथं पोरं दोन-दोन दिवस सलग उभी असतात. हमालीतच त्यांचा जीव जातो. राउंड मग दहा मिनिटांत उरकतो, "ट्रीटमेंट कंटिन्यू" म्हणत म्हणत. "बाहेरून आणा" अशी चिठ्ठी हातात येते, आपण मेडिकलच्या दुकानाकडं पळतो. कुणी कुणाला काही विचारत नाही. अशा वॉर्डात मी रोग्याला ठेवलंय आणि तिथून उचलून दुसरीकडं नेलंयही.

रोग्याच्या बाजूचं एक राहिलं. बारा पोरांनी एकामागून एक येऊन पोट दाबायचं, प्लीहा हाताला लागते का बघायचं, हे गरिबाच्या अंगावर चालतं. श्रीमंताच्या पोटाला इतके हात लागत नाहीत. एकदा शेजारच्या खाटेवरच्या बाईची छाती तपासायची होती. मास्तर माणूस, मी उठून बाहेर निघालो, तेवढ्यात शिकवणाऱ्या सरांचं बोलणं कानावर पडलं: "बाई, ही पोरं तुमच्याकडून शिकणार आहेत. दोघींनीच तपासलं तर चालेल? नको असेल तर नको म्हणा." पडदा ओढला गेला, आत फक्त दोन मुली गेल्या, बाकीची पोरं बाहेर थांबली. असं न विचारता पदर बाजूला केलेलाही मी बघितलाय. त्या पोरांनी त्या दिवशी छातीचा आजार शिकला असेल, पण सोबत आणखी एक गोष्ट शिकली, आणि ती त्यांच्या दवाखान्यात आयुष्यभर चालेल.

हल्ली कुणी विचारायला आलं की मी दवाखान्याचं नाव आधी सांगत नाही. आधी तिथं रोग्यासोबत बसून आलेल्या माणसाला फोन लावतो आणि विचारतो, राउंड कधी होतो, मोठे डॉक्टर स्वतः येतात का, पोरांना प्रश्न विचारतात का. परवा शेजारच्या दत्तूनं विचारलं, बायकोला नव्या कॉलेजला न्यावं का थेट घाटीला. दुसरी खेप, पहिलं सिझर. मी म्हटलं, जवळचं बरं, पण रात्री भूल देणारा डॉक्टर तिथं राहतो का तेवढं आधी जाऊन विचारून ये. तो मोटारसायकलवर गेला आणि संध्याकाळी परत आला. म्हणाला, "सोमवार ते शुक्रवार असतो म्हणे."

धाराशिवची पहिली बॅच २०२२ ची, परभणीची २०२३ ची. साडेचार वर्षांचा अभ्यास संपला की ही पोरं इंटर्न म्हणून कॅज्युअल्टीत उभी राहतील. म्हणजे आता फार दिवस राहिले नाहीत. त्यांच्या हातात रक्ताची नळी येईल तो शनिवारही असू शकतो. दत्तूच्या बायकोची तारीख मात्र पुढच्या महिन्यातली आहे, म्हणून तिचं नाव आम्ही घाटीतच घातलंय.